नेणिवेची सबब

माणूस आधी वागतो आणि मग त्या वागण्याला कारण शोधतो, असं मी बरीच वर्षं मानत आले. नुसतं मानलं नाही, रायपूरच्या एका महाविद्यालयात मानसशास्त्र शिकवताना ते विद्यार्थ्यांच्या एका पिढीला पटवूनही दिलं. आपल्या वागण्याचा खरा कारभार नेणीव पाहते, जाणिवेला त्याची खबर मागाहून लागते, हे माझ्या व्याख्यानांचं पालुपद होतं. विद्यार्थ्यांना ते आवडायचं आणि मला ते खरं वाटायचं.

आज मी तसं मानत नाही. नेणीव आहे, तिचा पसारा मोठा आहे, याबद्दल माझ्या मनात अजूनही शंका नाही. पण जाणीवपूर्वक केलेल्या विचाराला माणसाच्या वागण्यात फारसं स्थान नाही, हे मत मी सोडून दिलं आहे. हा बदल सावकाश झाला. काही प्रश्न छत्तीसगढच्या खेड्यांतून आले, काही परदेशातल्या प्रयोगशाळांतून आले, आणि काही उत्तरं याच शहरातल्या जुन्या माणसांपाशी सापडली. हे जाहीरपणे सांगावंसं वाटतं, कारण नेणिवेचं तत्त्वज्ञान आता वर्गापुरतं उरलेलं नाही. ‘सबकॉन्शस माइंड’ हे शब्द मोबाइलवरच्या प्रेरणादायी भाषणांत रोज कानावर पडतात, आणि ‘माझ्या हातून नकळत झालं’ हे वाक्य घरापासून कचेरीपर्यंत सगळीकडे माफीच्या जागी वापरलं जातं.

आधी जुन्या मताची बाजू नीट मांडते. ती कमकुवत नव्हती.

ऐंशीच्या दशकात आम्ही एम. ए. करत होतो तेव्हा फ्रॉइडचं गारूड ओसरायला लागलं होतं, पण संपलं नव्हतं. स्वप्नांवरचा त्याचा ग्रंथ १९०० सालचा. त्यानंतर बावीस वर्षांनी, १९२२ मध्ये, कलकत्त्यात डॉ. गिरींद्रशेखर बोस यांनी भारतीय मनोविश्लेषण संस्था स्थापन केली. बोस यांनी फ्रॉइडशी दीर्घकाळ पत्रव्यवहार केला आणि त्याच्यापेक्षा वेगळं मतही निर्भीडपणे मांडलं. आपल्या देशातला एक डॉक्टर इतक्या लवकर मनाच्या तळाशी उतरून पाहत होता, याचा आम्हाला अभिमान वाटे. दडपलेल्या इच्छा, बोलताना होणाऱ्या चुका, विसरण्यामागचे हेतू या गोष्टी वाचल्या की घरातल्या प्रत्येक भांडणाचा उलगडा झाल्यासारखा वाटायचा.

फ्रॉइडचे सिद्धांत तपासता येत नाहीत, हा आक्षेप आमच्या प्राध्यापकांनीच शिकवला होता. पण तपासता येणारे पुरावेही होते. अमेरिकेत हेन्री मोलेसन या तरुणावर १९५३ मध्ये अपस्मारासाठी मेंदूची शस्त्रक्रिया झाली. त्यानंतर त्याची नवी आठवण टिकेनाशी झाली. ब्रेंडा मिल्नर या संशोधिकेनं त्याला आरशात पाहून चांदणीच्या कडेनं रेघ ओढायला सांगितली. हे काम अवघड असतं, हात उलटाच जातो. मोलेसनचा हात दिवसागणिक सुधारत गेला, आणि दर वेळी तो सांगत राहिला की हे काम आपण आयुष्यात पहिल्यांदाच करतो आहोत. त्याचा हात शिकला होता, त्याला मात्र त्याचा पत्ता नव्हता. नेणिवेचा याहून स्वच्छ पुरावा मला आजही माहीत नाही.

मग १९८३ मध्ये बेंजामिन लिबेट यांचा प्रयोग आला. मनगट कधी हलवायचं हे माणसानं स्वतःच्या इच्छेनं ठरवायचं, आणि ‘आता हलवू’ असं वाटलं त्या क्षणी घड्याळातला ठिपका कुठे होता ते लक्षात ठेवायचं. मेंदूतली विद्युत हालचाल मनगट हलण्याच्या साधारण अर्धा सेकंद आधी सुरू होत होती. माणसाला इच्छेची जाणीव मात्र सुमारे एक पंचमांश सेकंद आधी होत होती. म्हणजे मेंदूची तयारी आधी आणि ‘मी ठरवलं’ ही भावना नंतर. हा आलेख मी फळ्यावर काढायचे तेव्हा वर्ग शांत व्हायचा.

पुढच्या काळात तर अशा प्रयोगांचा पूरच आला. म्हातारपणाशी संबंधित शब्द वाचायला दिले तर तरुण विद्यार्थी खोलीतून बाहेर पडताना सावकाश चालतात, असं जॉन बार्ग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९६ मध्ये दाखवलं. गुंतागुंतीच्या निवडीत विचार करत बसण्यापेक्षा लक्ष दुसरीकडे वळवलं तर माणूस अधिक चांगला निर्णय घेतो, असं डच संशोधक आप डेक्स्टरह्यूस यांनी २००६ मध्ये मांडलं. डॅनियल कानमन यांचं २०११ चं पुस्तक आलं, त्यात शीघ्र मन आणि सावकाश मन यांची मांडणी इतकी सुरेख होती की माझ्या मतावर शिक्कामोर्तब झालं.

आणि रायपूरमध्ये राहणाऱ्या मराठी माणसाला नेणिवेचा पुरावा शोधायला पुस्तकाची गरज नसते. आमची घरं इथे नागपूरकर भोसल्यांच्या काळापासून आहेत. बिंबाजी भोसले १७५८ मध्ये रतनपूरला आले, त्यांच्या मागोमाग कारकून, पुजारी, शिलेदार आले, आणि तात्यापारा, बुढापारा अशा वस्त्यांत मराठी घरं रुजली. या घरांतलं मूल तीन भाषांत वाढतं. आजीशी मराठी, शाळेत आणि दुकानात हिंदी, भाजीवालीशी आणि घरकामाला येणाऱ्या बाईंशी छत्तीसगढी. समोरचा चेहरा दिसला की भाषा आपोआप बदलते. मालवीय रोडवर ओळखीचे गृहस्थ भेटले की ‘काय काका, कसे आहात’ हे तोंडातून निघतं आणि पुढच्याच श्वासाला रिक्षावाल्याशी हिंदी सुरू होतं. कोणती भाषा निवडायची याचा विचार करायला कुणी थांबत नाही. हे उदाहरण मी दरवर्षी द्यायचे. ते उदाहरण अर्धंच पाहिलं होतं, हे मला पुष्कळ उशिरा कळलं. त्याकडे नंतर येते.

या मतानं मला एक चांगली गोष्ट दिली, तीही नोंदवली पाहिजे. माणसांबद्दल मी सौम्य झाले. विद्यार्थी चुकला तर त्याच्या पाठीमागचं घर मला दिसायचं. एखादी सासू सुनेला टोचून बोलली तर तिच्या स्वतःच्या सासुरवासाची आठवण तिच्या तोंडून बोलते आहे, हे समजायचं. पण त्याच समजुतीपोटी मी माणसांकडून काही मागणं सोडून दिलं. ज्याचं वागणं त्याच्या हातातच नाही, त्याला ‘बदल’ असं कोणत्या तोंडानं म्हणायचं?

हा प्रश्न माझ्यासमोर उघडा पडला तो एका विद्यार्थ्यामुळे. नेणिवेवरचं व्याख्यान संपल्यावर तो थांबला. गावाकडून येऊन शहरात शिकणारा, अबोल मुलगा. त्यानं विचारलं, मॅडम, टोनहीची भीती लोकांच्या अबोध मनात लहानपणापासून भरलेली असते, मग गावानं एखाद्या बाईला मारलं तर त्यात गावाचा दोष किती?

महाराष्ट्रातल्या वाचकांसाठी थोडं सांगते. छत्तीसगढमध्ये चेटकिणीला टोनही म्हणतात. मूल आजारी पडलं, गाय-म्हैस दगावली, पीक गेलं, की एखाद्या बाईनं करणी केल्याचा संशय घेतला जातो. ती बहुधा विधवा असते, एकटी असते, किंवा तिच्या नावावर थोडी जमीन असते. तिचा छळ होतो, तिला गावाबाहेर काढतात, आणि काही बायकांचे जीव गेले आहेत. हरेलीच्या अमावस्येला ही भीती सर्वांत जास्त जागी होते. आपल्याकडे ज्या दिवशी आषाढी अमावस्या, म्हणजे दिव्यांची अवस असते, तोच छत्तीसगढचा हरेलीचा दिवस. शेतकरी नांगर, कुदळ धुऊन त्यांची पूजा करतात, गुळाचा चीला, म्हणजे धिरडं, होतं, मुलं गेडीवर, म्हणजे बांबूच्या उंच काठ्यांवर, चढून गावभर फिरतात. सुंदर सण आहे. त्याच दिवशी दारावर कडुलिंबाची डहाळी खोचली जाते, लोहार चौकटीत खिळा ठोकून जातो, आणि अंधार पडल्यावर बाहेर पडू नये असं मुलांना बजावलं जातं. वर्षानुवर्षं हे पाहणाऱ्या मुलाच्या मनात भीती कशी उतरते, हे मानसशास्त्राच्या शिक्षिकेला वेगळं सांगायला नको.

त्या मुलाला मी त्या दिवशी समाधानकारक उत्तर देऊ शकले नाही. माझ्याच शिकवणीतून निघणारं उत्तर ‘दोष फारसा नाही’ असं होतं, आणि ते मला उच्चारवेना. मग मी अशा घटनांच्या बातम्या आणि गावाकडून आलेल्यांची कथनं लक्षपूर्वक वाचू-ऐकू लागले. तेव्हा जे दिसलं त्यानं माझ्या मताला पहिला तडा गेला. अंगावर काटा येणं, बाई समोर आली की पोटात गोळा येणं, हे नकळत होतं हे खरं. पण त्यानंतर बैगाला, म्हणजे गावच्या मांत्रिकाला, बोलावलं जातं. तो कौल लावतो. नाव घेतलं जातं, किंवा खुबीनं सुचवलं जातं. बैठक बसते. कुणाला बोलवायचं, कुणाला वगळायचं हे ठरतं. दंड किती, बहिष्कार किती, हे बोलून ठरतं. कधी त्यात जमिनीचा जुना वाद मिसळलेला असतो आणि तो कुणाच्या तरी पक्कं लक्षात असतो. या साखळीतल्या प्रत्येक कडीला जागा माणूस उभा आहे. भीती नेणिवेतून आली असेल, पण बैठक बोलावणारा झोपेत नव्हता.

महाराष्ट्रातही हेच दिसलं आहे. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यात साक्री तालुक्यातल्या राईनपाडा इथे मुलं पळवणारी टोळी आल्याच्या अफवेवरून नाथपंथी डवरी गोसावी समाजातल्या पाच भिक्षेकऱ्यांना जमावानं ठार केलं. त्यांना ग्रामपंचायतीच्या खोलीत नेऊन मारण्यात आलं. जमावाची मानसिकता या शब्दाखाली आपण अशा घटना बंद करून टाकतो. पण अफवा पुढे पाठवायला बोट लागतं, आणि पाठवावी की नाही हे ठरवायला एक क्षण मिळतो. तो क्षण प्रत्येकाला मिळाला होता.

छत्तीसगढ सरकारनं २००५ मध्ये टोनही प्रताडना निवारण अधिनियम केला. एखाद्या व्यक्तीला टोनही ठरवणं हाच त्यात गुन्हा आहे, त्याला तीन वर्षांपर्यंत सक्तमजुरी आहे, आणि छळासाठी पाच वर्षांपर्यंत. या कायद्याकडे मी पूर्वी थोड्या संशयानं पाहायचे. नेणिवेतल्या भीतीला कलम कसं लावणार, असं वाटायचं. आता मला त्यातलं शहाणपण दिसतं. कायदा भीतीला शिक्षा करत नाही, बोलून दाखवलेल्या नावाला करतो. मनात काय उमटलं हे माणसाच्या हातात नसतं. ओठांवर काय आणायचं हे बऱ्याच अंशी असतं. त्या दोहोंच्या मधे कायद्यानं रेघ ओढली आहे.

रायपूरचे नेत्रतज्ज्ञ डॉ. दिनेश मिश्र आणि त्यांची अंधश्रद्धा निर्मूलन समिती याच रेघेवर काम करत आली आहे. ‘कोई नारी टोनही नहीं’ या त्यांच्या मोहिमेतले कार्यकर्ते गावोगाव जाऊन सभा घेतात, हरेलीच्या रात्री मुद्दाम गावांमधून फिरतात, चमत्कारांमागची युक्ती करून दाखवतात. महाराष्ट्रात डॉ. नरेंद्र दाभोलकरांनी १९८९ पासून अंधश्रद्धा निर्मूलन समितीमार्फत हेच केलं. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांची हत्या झाली, आणि त्यानंतर त्याच वर्षी जादूटोणाविरोधी कायदा झाला. या माणसांचा सगळा भरवसा एका गोष्टीवर आहे, ती म्हणजे समजावून सांगितलं, पुन्हा सांगितलं, करून दाखवलं, तर माणूस विचार करतो आणि त्याचं वागणं बदलतं. माझी शिकवण खरी असती तर त्यांचं आयुष्य व्यर्थ ठरलं असतं. ते व्यर्थ नाही हे मला दिसत होतं.

दुसरा तडा विज्ञानातूनच गेला. म्हातारपणाच्या शब्दांचा तो गाजलेला प्रयोग स्टेफान दोयेन आणि सहकाऱ्यांनी २०१२ मध्ये ब्रसेल्समध्ये पुन्हा केला. या वेळी चालण्याचा वेग हातातल्या घड्याळाऐवजी अवरक्त किरणांच्या यंत्रानं मोजला, आणि विद्यार्थी सावकाश चाललेच नाहीत. प्रयोग घेणाऱ्यालाच ते सावकाश चालणार अशी अपेक्षा दिली होती, तेव्हा कुठे तो परिणाम दिसला. त्याच वर्षी कानमन यांनी या क्षेत्रातल्या संशोधकांना पत्र लिहून आपलं घर सावरण्याचा इशारा दिला, आणि २०१७ मध्ये त्यांनी कबूल केलं की लहान नमुन्यांवर आधारलेल्या अभ्यासांवर आपण पुस्तकात नको तितका विश्वास ठेवला. नोबेल मिळालेल्या माणसानं आपल्या पुस्तकातल्या प्रकरणाबद्दल असं लिहावं, याचा माझ्यावर खोल परिणाम झाला. लक्ष दुसरीकडे वळवून चांगले निर्णय होतात, हा डच दावाही मोठ्या नमुन्यावर घेतलेल्या फेरतपासणीत टिकला नाही.

लिबेटच्या आलेखाचाही नवा अर्थ लागला. आरोन शुर्गर आणि सहकाऱ्यांनी २०१२ मध्ये दाखवलं की मेंदूत सतत चाललेले लहान-मोठे चढउतार लक्षात घेतले तर तो आधीचा चढ म्हणजे घेऊन झालेला निर्णयच असला पाहिजे असं नाही. कुठल्याही कारणाविना मनगट हलवायचं असेल, तर चढउतार उंचीला असतानाच ते हलण्याची शक्यता जास्त. मागे वळून सरासरी काढली की चढ आधीपासून दिसणारच. शिवाय लिबेट स्वतः असं मानत होते की हालचाल सुरू होण्याआधी तिला नकार देण्याची मुभा जाणिवेला असते. हे मी वाचलेलं होतं. वर्गात मात्र त्यावर भर दिला नव्हता.

याहूनही जुनी एक गोष्ट मला तेव्हा आठवली. १९५७ मध्ये जेम्स व्हिकरी या अमेरिकी जाहिरात व्यावसायिकानं जाहीर केलं होतं की चित्रपटाच्या पडद्यावर डोळ्यांना न कळेल इतक्या वेगानं ‘कोका-कोला प्या’, ‘पॉपकॉर्न खा’ असे संदेश दाखवून आपण विक्री वाढवली. जगभर खळबळ माजली. १९६२ मध्ये त्यानंच मान्य केलं की तो जाहिरातीचा डाव होता. तरी ही कथा अजून सांगितली जाते. आपल्याला कुणीतरी नकळत चालवतं आहे, हे ऐकायला माणसाला भय वाटतं आणि सुटल्यासारखंही वाटतं. जबाबदारी खांद्यावरून उतरते. नेणिवेची सबब इतकी गोड का लागते, त्याचं कारण मला इथे सापडलं.

मग आता माझं मत काय आहे? ते एका वाक्यात सांगता येतं. जाणीवपूर्वक विचार ऐन क्षणाला बहुतेक वेळा उशिरा पोचतो, पण पुढच्या क्षणाची तयारी तोच करतो.

याला आधुनिक पुरावा आहे. जर्मन मानसशास्त्रज्ञ पीटर गोल्विट्झर यांनी १९९९ मध्ये एक साधी पद्धत मांडली. ‘मी व्यायाम करीन’ असा मोघम संकल्प करण्याऐवजी ‘सकाळचा चहा झाला, की मी चालायला बाहेर पडेन’ असं ‘जर-तर’च्या रूपात आधीच ठरवायचं. २००६ मध्ये त्यांनी पास्कल शीरन यांच्याबरोबर ९४ अभ्यासांचा एकत्र आढावा घेतला, तेव्हा अशा ठरवण्याचा वागण्यावर चांगला, लक्षणीय परिणाम दिसला. यातली गंमत अशी की ठरवणं जाणिवेचं असतं, आणि वेळ आली की कृती जवळपास आपोआप घडते. जाणीव नेणिवेला काम सोपवते. दोघींचं वैर असायलाच हवं असं नाही.

हे वाचल्यावर माझ्या तीन भाषांच्या उदाहरणाचा उरलेला अर्धा भाग मला दिसला. रायपूरच्या मुलाच्या तोंडून मराठी आपोआप येते, हे खरं. पण ती आपोआप यावी म्हणून कुणीतरी आधी ठरवलं होतं. माझ्या आईनं ठरवलं होतं की उंबऱ्याच्या आत मराठीच बोलायचं. हिंदीत पाणी मागितलं की ती मराठीत ‘काय हवंय?’ असं विचारायची आणि थांबायची. या शहरात १९३५ पासून चालू असलेल्या महाराष्ट्र मंडळात मुलांना गणपतीच्या कार्यक्रमांना, नाटकांना नेणाऱ्या आयाही हेच करत होत्या. त्यांचा तो रोजचा निश्चय माझ्या जिभेत उतरला आणि मी त्याला नेणीव म्हणून शिकवत राहिले. ज्या घरांनी ठरवलं नाही, तिथली नातवंडं आज मराठी समजतात पण बोलत नाहीत. नेणीव दोन्ही घरांत होती. फरक निश्चयाचा होता.

हे सगळं आपल्याकडे आधीच सांगितलेलं होतं, आणि सांगणाऱ्यांचे धागे रायपूरपर्यंत येतात. स्वामी विवेकानंद किशोरवयात, १८७७ च्या सुमारास, कुटुंबाबरोबर या शहरात येऊन राहिले होते. प्रवासात बैलगाडीतून विंध्याच्या खिंडीत मधमाश्यांचं प्रचंड पोळं पाहताना त्यांचं बाहेरचं भान हरपलं, ही हकीकत त्यांच्या चरित्रांत आहे. बुढातालाबाला आज विवेकानंद सरोवर म्हणतात आणि विमानतळालाही त्यांचं नाव आहे. आम्ही रायपूरकर त्या भान हरपण्याबद्दल पुष्कळ बोलतो. पण त्यांच्या १८९६ च्या ‘राजयोग’ ग्रंथात भर आहे तो संस्कारांवर. प्रत्येक कृती मनावर ठसा ठेवते, ठशांच्या बेरजेतून स्वभाव बनतो, आणि वाईट ठशांवर उपाय एकच, मुद्दाम केलेल्या चांगल्या कृतींची आवृत्ती, असं त्यांचं म्हणणं. स्वभाव जर आवृत्तीतून घडला असेल तर तो आवृत्तीतूनच पालटता येतो.

लोकमान्य टिळकांनी मंडालेच्या तुरुंगात लिहिलेल्या ‘गीतारहस्या’त वासनात्मक बुद्धी आणि व्यवसायात्मक बुद्धी असा भेद केला आहे. ठरवणारी बुद्धी स्थिर झाली की वासनाही हळूहळू शुद्ध होते, हे त्या विवेचनाचं सार. तो ग्रंथ हिंदीत नेला माधवराव सप्रे यांनी, आणि सप्र्यांचं आयुष्यच माझ्या म्हणण्याचं सर्वांत मोठं उदाहरण आहे. १८७१ मध्ये मराठी घरात जन्मलेल्या या माणसानं १९०० मध्ये पेंड्रा इथून ‘छत्तीसगढ मित्र’ काढलं, १९०७ मध्ये नागपुरातून ‘हिंदी केसरी’ सुरू केलं. १९०८ मध्ये राजद्रोहाच्या आरोपावरून त्यांना अटक झाली. घरच्यांच्या विलक्षण दडपणाखाली त्यांनी माफीनाम्यावर सही केली आणि ते सुटले. त्या सहीची वेदना त्यांना झाली. पण ‘त्या वेळी मी माझ्या ताब्यात नव्हतो’ असं म्हणून ते थांबले नाहीत. काही काळ मधुकरी मागून राहिले, रामदासी मठात ‘दासबोधा’ची पारायणं केली, मग ‘दासबोध’ आणि ‘गीतारहस्य’ हिंदीत आणले, रायपुरात मुलींच्या शिक्षणाचं काम उभं केलं, आणि १९२६ मध्ये याच शहरात देह ठेवला. त्यांच्या मनात काय चाललं होतं याचा निवाडा मी करणार नाही. त्यांनी आपले दिवस कसे मांडले हे मात्र स्पष्ट दिसतं. ऐन क्षणी हरलेल्या विचारानं पुढची अठरा वर्षं घडवली.

या नव्या मताला मर्यादा आहेत, आणि त्या सांगितल्या नाहीत तर मी पुन्हा एकांगी होईन. नैराश्यात बुडालेल्या माणसाला ‘मनावर घे’ म्हणून सांगणं क्रूरपणा आहे. आजारात ठरवण्याची शक्तीच दुखावलेली असते, तिथे डॉक्टर आणि औषध लागतं. ज्या बाईला दिवसभर राबून रात्री मार खावा लागतो, तिच्यापुढे संकल्पाचं व्याख्यान देणं चूक आहे. तिथे आधी तिची परिस्थिती बदलायला हवी. विचार करायलाही थोडी निवांत जागा लागते, आणि ती जागा सगळ्यांना सारखी मिळालेली नाही. म्हणूनच ज्यांना ती मिळाली आहे त्यांच्याकडून अधिक मागायला हवं. शिकलेल्या माणसानं नेणिवेची सबब सांगणं मला आता सर्वांत जास्त खटकतं.

माझ्या घरात मी काय बदललं तेही सांगते. नातवाला ताप आला की माझा हात आधी मीठमोहऱ्यांकडे जायचा. आजी ओवाळायची, आई ओवाळायची, हात विचारत नाही. आता मी आधीच ठरवून ठेवलं आहे की अंग गरम लागलं, की पहिल्यांदा थर्मामीटर काढायचा आणि आकडा पाहून डॉक्टरांना फोन करायचा. ओवाळायचं की नाही हा प्रश्न त्यानंतरचा. आता हात थर्मामीटरकडे जातो. तोही विचारत नाही.

वाचकांना माझी विनंती आहे. आपल्याला नकळत चालवणाऱ्या शक्तींबद्दल जरूर वाचा, पण त्या वाचनातून सुटका शोधू नका. आपल्या हातून पुन्हा पुन्हा काय घडतं ते एकदा शांतपणे पाहा, आणि त्याच्यासाठी एक ‘जर-तर’चं वाक्य आजच ठरवून ठेवा. निदान एक तर प्रत्येकानं ठरवावंच: कुणाला टोनही, चेटकीण किंवा मुलं पळवणारा म्हणणारा संदेश माझ्या फोनवर आला, तर मी तो पुढे पाठवणार नाही, आणि कुणाच्या जिवाला धोका दिसला तर लगेच ११२ क्रमांकावर कळवीन.